वेडेपणाची शिस्त

मॉन्टी पायथनचं नाव निघालं की एक तयार मत लगेच पुढे येतं. ऑक्सफर्ड-केंब्रिजमधून बाहेर पडलेल्या पाच हुशार पोरांनी एका अमेरिकन चित्रकाराला हाताशी धरलं आणि कॉलेजच्या गॅदरिंगमधला धिंगाणा बीबीसीच्या पैशाने टीव्हीवर घातला. मनात येईल ते लिहिलं. शेवट सुचला नाही तिथे प्रवेश अर्धवट सोडून दिला. प्रेक्षकांना काही कळलं नाही, आणि तसं कबूल करायची लाज वाटली म्हणून त्यांनी त्याला प्रतिभा म्हटलं. मेलेला पोपट, पाय भिरकावत चालणारा सरकारी अधिकारी, डबाबंद मांसाचं गाणं गाणारे व्हायकिंग... यात हसण्यासारखं आहे काय? ज्यांना हसू येतं त्यांना एक तर इंग्रजांचं वेड आहे, नाही तर आपल्याला इंग्रजी विनोद कळतो हे चारचौघांत दाखवायचं आहे. आणि आता तर हे सगळं शिळंही झालं.

हे मत मी वर्षानुवर्षं ऐकत आलो आहे. ते मांडणाऱ्यांत वाचणारी, नाटकं पाहणारी, एरवी विनोदाची चांगली जाण असलेली माणसं असतात, म्हणून त्याची चीड अधिक येते. त्यांची चूक एकाच ठिकाणी आहे. जे घडतंय ते अशक्य आहे, म्हणजे ते कसंही घडलं तरी चालेल, असं ते धरून चालतात. पायथनचं सगळं बळ नेमकं याच्या उलट दिशेला आहे. एकच गोष्ट अशक्य ठेवायची आणि बाकीचं सगळं इतकं रीतसर, इतकं काटेकोर करायचं, की त्या रीतीचाच पोकळपणा उघडा पडावा. हे कोणालाही जमण्यासारखं असतं तर गेल्या पन्नास वर्षांत ज्यांनी ज्यांनी त्यांची नक्कल केली त्या सगळ्यांना जमलं असतं.

त्या पोपटाचंच घेऊ. ७ डिसेंबर १९६९ रोजी हे स्केच पहिल्यांदा बीबीसीवर दिसलं. अर्ध्या तासापूर्वी विकत घेतलेला पोपट परत करायला एक गिऱ्हाईक दुकानात येतं. ही भूमिका जॉन क्लीझची. पोपट मेलेला आहे. काउंटरमागचा दुकानदार, म्हणजे मायकेल पेलिन, म्हणतो की तो विसावा घेतोय. पुढे काय होतं ते नीट पाहा. गिऱ्हाईक पुरावा देतं, दुकानदार नवं कारण काढतो. पिसांच्या सौंदर्याचं कौतुक करतो. पक्षी मायदेशाच्या आठवणीने झुरतोय म्हणतो. पक्षी दांडीवर बसलेला दिसत होता तो केवळ पाय खिळ्यांनी ठोकल्यामुळे, हे उघड झालं तरी त्यालाही त्याच्याकडे कारण तयार असतं. दोघांपैकी एकानेही आपण विनोद करतोय असं क्षणभरही दाखवलेलं नाही. गिऱ्हाइकाची तक्रार खरी आहे, त्याची भाषा सभ्य आहे, त्याचा तर्क बिनतोड आहे, आणि तरीही त्याला न्याय मिळत नाही. काउंटरच्या अलीकडे उभं राहून ज्याने कधी तक्रार केली असेल, त्याला यात अनोळखी वाटावं असं काय आहे?

या स्केचचा जन्म कसा झाला हेही या टीकाकारांनी पाहायला हवं. मोटारीत काहीही बिघाड झाला तरी तो नाकारणाऱ्या गॅरेजवाल्याचा अनुभव पेलिनला आला होता. त्यावरून १९६८ साली ‘हाऊ टु इरिटेट पीपल’ या कार्यक्रमासाठी खराब मोटार विकणाऱ्याचा प्रवेश झाला. तो ठीकठाक होता. पुढे क्लीझ आणि ग्रॅहम चॅपमन यांनी तो पुन्हा लिहायला घेतला आणि मोटारीच्या जागी पोपट आला. या एका बदलात या विनोदाचं सगळं मर्म आहे. मोटार बिघडली आहे की नाही, यावर दोन माणसांचं दुमत होऊ शकतं. पोपट मेला आहे की नाही, यावर होऊ शकत नाही. वादाला जागाच उरणार नाही अशी वस्तू शोधून तिच्यावर रीतसर वाद उभा करायचा, हा निर्णय विचार करणाऱ्या माणसाचा आहे. याला मनाला येईल ते लिहिणं म्हणायचं?

त्यांची कामाची पद्धतही गॅदरिंगच्या धिंगाण्यासारखी नव्हती. क्लीझ आणि चॅपमन जोडीने लिहीत, टेरी जोन्स आणि पेलिन जोडीने, एरिक आयडल एकटा. मग सगळे एकत्र बसून लिहिलेलं मोठ्याने वाचत. बाकीचे हसले तर मजकूर राहायचा, नाही तर बाहेर. त्यानंतर कोणता तुकडा कुठे जोडायचा, कोणता मध्ये तोडून नंतर परत आणायचा, यावर खल व्हायचा आणि टेरी गिलियम आपल्या कातरकामाच्या चलच्चित्रांनी ते सांधे भरायचा. प्रत्येक भागाच्या सुरुवातीला पडद्यावर आदळणारं ते प्रचंड पाऊल लंडनच्या नॅशनल गॅलरीतल्या ब्राँझिनोच्या चित्रातलं आहे, प्रेमदेव क्यूपिडचं.

आणि ज्यांना हा नुसता विस्कळीत पसारा वाटतो त्यांनी एका खटल्याची आठवण ठेवावी. १९७५ साली अमेरिकेतल्या एबीसी वाहिनीने चौथ्या मालिकेतले तीन भाग जोडून एक विशेष कार्यक्रम दाखवला आणि नव्वद मिनिटांपैकी चोवीस मिनिटं कापली. काही जाहिरातींसाठी, काही मजकूर खटकला म्हणून. पायथन मंडळी कोर्टात गेली. १९७६ साली अपील कोर्टाने त्यांच्या बाजूने कौल दिला आणि या काटछाटीमुळे मूळ कृतीची मोडतोड होते हे म्हणणं उचलून धरलं. मूळ कलाकृतीच्या अखंडतेबद्दल बोलताना कायद्याचे अभ्यासक आजही या निकालाचा दाखला देतात. ज्यात काहीही कुठेही चालतं, त्यातून काही काढलं तर कुणाला फरक पडायला हवा होता? त्यांना पडला, कारण त्या तीन भागांची वीण त्यांनी एकेक टाका घालून बांधलेली होती.

आता अर्धवट सोडण्याच्या आरोपाकडे. या आरोपात तर अभ्यासाचा पूर्ण अभाव आहे. त्याआधीच्या टीव्हीवरच्या प्रत्येक स्केचला शेवटी एक टाळीचं वाक्य लागायचं. ते वाक्य बहुतेक वेळा प्रवेशातलं सगळ्यांत कमकुवत वाक्य असायचं, कारण ते प्रवेशातून निघायचंच नाही, दिवा मालवायच्या सोयीसाठी चिकटवलेलं असायचं. मार्च १९६९ मध्ये विनोदकार स्पाइक मिलिगनच्या ‘क्यू फाइव्ह’ या कार्यक्रमाने ही प्रथा मोडली. आपण जे करायच्या विचारात आहोत ते मिलिगनने आधीच केलं, हे जोन्सने पुढे मोकळेपणाने सांगितलं, आणि त्याच कार्यक्रमाचा दिग्दर्शक इयान मॅकनॉटन पायथनने आपल्याकडे आणला.

शेवटचं वाक्य काढून टाकल्यावर काम सोपं होत नाही, कठीण होतं. प्रेक्षकाला धरून ठेवणारा आधार गेलेला असतो, त्याच्या जागी दुसरं काही तरी उभं करावं लागतं. २२ सप्टेंबर १९७० चा भाग पाहा. साध्या बोलण्यात कुणी तरी वैतागून म्हणतं की स्पॅनिश धर्मन्यायालयासारखी उलटतपासणी होईल असं वाटलं नव्हतं, आणि लाल झगे घातलेले स्पॅनिश धर्मन्यायालयाचे तीन कार्डिनल धाडकन दार उघडून आत येतात. आपली शस्त्रं मोजून दाखवताना त्यांचा प्रमुख दर वेळी मोजणीत चुकतो आणि पुन्हा पहिल्यापासून सुरू करतो. छळाची साधनं म्हणजे मऊ उशा आणि आरामखुर्ची. भागात ते पुन्हा पुन्हा उगवतात. शेवटी न्यायालयाच्या प्रवेशात त्यांची गरज पडते, तेव्हा ते बसमध्ये असतात, पडद्यावर श्रेयनामावली सरकत असते आणि ती संपायच्या आत पोचण्याची त्यांची धडपड चाललेली असते. पोचतात तेव्हा कार्यक्रम संपलेला असतो. ज्यांचं सामर्थ्यच अचानक येण्यात आहे त्यांना या वेळी उशीर होतो, आणि आत्तापर्यंत ज्यांना कुणी थोपवू शकलं नाही त्यांना कार्यक्रमाचं वेळापत्रक थोपवतं. याहून नेटका शेवट त्या काळातल्या कोणत्या हास्यकार्यक्रमात आहे?

दुसरा एक वर्ग थोडा गंभीर आक्षेप घेतो. तो म्हणतो, हे हसवतात पण बोलत काहीच नाहीत. विनोदाने सत्तेला टोचायला हवं. साठच्या दशकाच्या सुरुवातीच्या ‘दॅट वॉज द वीक दॅट वॉज’ने पंतप्रधान मॅकमिलनची खिल्ली उडवली, पायथनने कोणाची उडवली? हा आक्षेप मला अधिक राग आणतो, कारण त्याला नैतिकतेचा वास आहे. या मंडळींना राजकीय टीका येत नव्हती असं नाही. पाचही ब्रिटिश पायथन आधी डेव्हिड फ्रॉस्टच्या ‘द फ्रॉस्ट रिपोर्ट’साठी लिहीत होते. ती वाट माहीत असून त्यांनी सोडली. आज मॅकमिलनच्या मंत्रिमंडळावरचे विनोद ऐकायला बसलं तर शेजारी इतिहासाचं पुस्तक उघडून ठेवावं लागेल. वेड्यावाकड्या चालींच्या मंत्रालयासाठी काही लागत नाही.

त्या मंत्रालयात क्लीझचा अधिकारी काळा सूट, बोलर हॅट आणि ब्रीफकेस अशा थाटात येतो. एक अर्जदार आपल्या चालीच्या विकासासाठी अनुदान मागतो. अधिकारी गंभीरपणे चाल बघतो आणि ती फारशी वेडगळ नाही असं प्रामाणिक मत देतो. संरक्षण, आरोग्य, शिक्षण यांच्या तुलनेत आपल्या खात्याला मिळणाऱ्या तुटपुंज्या निधीचं गाऱ्हाणं गातो. शेवटी त्या अर्जदाराला फ्रान्सबरोबरच्या संयुक्त चाल प्रकल्पात शिष्यवृत्ती देऊ करतो. हे दिसलं सप्टेंबर १९७० मध्ये. काँकॉर्ड हे ब्रिटन आणि फ्रान्सचं संयुक्त विमान त्याच्या दीड वर्ष आधी पहिल्यांदा उडालं होतं आणि त्याचा खर्च सारखा वाढत होता. आता सांगा, हे सत्तेबद्दल काही बोलत नाही? मंत्री बदलतो, खातं राहतं. खात्याला काम आहे की नाही हा प्रश्न कुणी विचारत नाही. निधी पुरेसा आहे की नाही एवढाच विचारतात. पायथनने माणसाला सोडून त्याच्या खुर्चीला हात घातला. साम्राज्य गेलं, सुवेझमध्ये १९५६ साली अब्रू गेली, तरी ज्या देशात साहेबी आवाज आणि साहेबी टोपी जशीच्या तशी उरली होती, त्या देशावर याहून नेमकी टीका मला ठाऊक नाही.

सत्तेला हे टोचत होतं याचा पुरावाही आहे. मार्सेल प्रूस्तच्या महाकादंबरीचा सारांश पंधरा सेकंदांत सांगायच्या स्पर्धेचं एक स्केच आहे. त्यात एक स्पर्धक आपले छंद सांगतो: प्राण्यांचे गळे घोटणं, गोल्फ आणि हस्तमैथुन. बीबीसीने तिसरा छंद काढून टाकला. प्राण्यांचे गळे घोटण्यावर कुणाचा आक्षेप नव्हता.

प्रूस्तचं नाव आलं की लगेच पुढचा आरोप येतो: हा शिकलेल्यांचा, वरच्या वर्गाचा विनोद आहे. वरचा वर्ग म्हणजे कोण? चॅपमनचे वडील पोलीस होते. क्लीझचे वडील विमा विकायचे. जोन्सचे वडील बँकेत कारकून, पेलिनचे शेफील्डला इंजिनिअर. आयडलचे वडील हवाई दलात होते. १९४५ च्या नाताळासाठी घरी येताना वाटेत अपघातात गेले, आणि तो वुल्व्हरहॅम्प्टनच्या वसतिशाळेत वाढला. ही मुलं गुणांवर ऑक्सफर्ड-केंब्रिजला गेली आणि तिथे त्यांनी खानदानी वर्ग जवळून पाहिला. त्या पाहण्यातून उच्चवर्गीय मूर्खांची शर्यत हे त्यांचं सगळ्यांत निर्दय स्केच आलं. जमिनीवरच्या रेघेवरून सरळ चालता न येणारे हे खानदानी तरुण शेवटच्या टप्प्यात स्वतःलाच गोळी घालून घेतात आणि विजयाच्या चौथऱ्यावर तीन शवपेट्यांना पदकं मिळतात. हे वरच्या वर्गाचं मनोरंजन आहे असं म्हणताना टीकाकारांना काहीच खटकत नाही?

तत्त्वज्ञांचा फुटबॉल सामनाही असाच बदनाम आहे. १९७२ साली जर्मन टीव्हीसाठी केलेल्या भागात जर्मनी आणि ग्रीसचे तत्त्वज्ञ मैदानात उतरतात. शिट्टी वाजते आणि सगळे विचारात गढून फेऱ्या मारू लागतात. चेंडू मध्यावर पडून राहतो. सामना संपत येताना आर्किमिडीजला एकदम काही तरी सुचतं, तो चेंडूला लाथ मारतो आणि सॉक्रेटिस डोक्याने गोल करतो. हेगेल वाचल्याशिवाय यावर हसता येत नाही? दाढीवाले म्हातारे हनुवटीला हात लावून फिरताहेत आणि मैदानात बेकनबाउअर एकटाच खेळाडू आहे, हे कोणत्याही मुलाला दिसतं. वाचलेल्याला थोडं जास्त मिळतं, एवढंच. चांगल्या कीर्तनातही तसंच असतं.

हे खास इंग्रजांचं खूळ, आपलं त्याच्याशी काय देणंघेणं, असं म्हणणाऱ्या मराठी माणसाला तर मी मुद्दाम नगरला घेऊन जाईन. ज्या मिलिगनशिवाय पायथन झालं नसतं, ज्याचा ‘द गून शो’ १९५१ ते १९६० या काळात रेडिओवर ऐकत ही पोरं मोठी झाली, तो १६ एप्रिल १९१८ रोजी अहमदनगरला जन्मला. वडील ब्रिटिश भारतीय सैन्यात होते. त्याचं बालपण पुण्याच्या छावणीत गेलं, तिथल्या कॉन्व्हेंटमध्ये तो शिकला. पुढे दुसऱ्या महायुद्धात तोफखान्यात लढला, १९४४ साली इटलीत जखमी झाला, त्या धक्क्याने त्याचं मन आयुष्यभर अधूनमधून ढासळत राहिलं. हुकूम, गणवेश, कवायत आणि त्यांच्या नावाखाली चाललेला संहार ज्याने पाहिला, त्याने या विनोदाचा पाया घातला. त्याला पोरखेळ म्हणायला धाडस लागतं.

आणि अशा विनोदाचं आपल्याला वावडं कधी होतं? पायथनची शेवटची मालिका आली त्याच १९७४ साली पुण्यात सतीश आळेकरांचं ‘महानिर्वाण’ रंगभूमीवर आलं. त्यात मेलेले भाऊराव स्वतःच कीर्तनाच्या ढंगात आपल्या मरणाची कथा सांगतात. दोन्हींचा एकमेकांशी संबंध नव्हता, पण युक्ती एकच होती: समाजाने पवित्र मानलेला साचा इमानेइतबारे पाळायचा आणि त्यात जे बसूच नये ते बसवायचं. तिकडे तो साचा बीबीसीच्या निवेदकाचा होता, इकडे कीर्तनकाराचा. आळेकरांना आपण मानाने नाटककार म्हणतो. मग पायथनलाच खुळी पोरं का म्हणायचं?

राहिला शिळेपणा. कार्ल मार्क्स, लेनिन, चे गवेरा आणि माओ यांना एका चर्चेच्या कार्यक्रमात बसवून फुटबॉलचे प्रश्न विचारणारं एक स्केच डिसेंबर १९७० मध्ये आलं. त्यात कॉव्हेंट्री सिटीने एफए कप शेवटचा कधी जिंकला, असा प्रश्न असतो. उत्तर असतं, कधीच नाही. १९८७ साली कॉव्हेंट्रीने खरोखरच कप जिंकला आणि ते उत्तर कायमचं चुकीचं ठरलं. स्केच मात्र तसूभरही उतरलं नाही, कारण हसू त्या उत्तराचं नव्हतंच. जगाच्या उलथापालथीबद्दल बोलायला आलेल्या माणसांना घरगुती बक्षिसाचं आमिष दाखवणाऱ्या सूत्रसंचालकाच्या त्या प्रसन्न चेहऱ्याचं होतं. तो चेहरा आज कोणत्या वाहिनीवर नाही? १९७२ च्या एका स्केचमध्ये एक माणूस पैसे भरून पाच मिनिटांचा वाद विकत घेतो. समोरचा त्याचं प्रत्येक वाक्य नुसतं नाकारतो. गिऱ्हाईक कळवळून सांगतं की वाद म्हणजे एखादी गोष्ट सिद्ध करण्यासाठी मांडलेली विधानांची साखळी, नुसता नन्नाचा पाढा नव्हे. समोरचा तेही नाकारतो. रोज रात्री नऊ वाजता टीव्ही लावणाऱ्याने हे शिळं झालं म्हणावं, याचं मला दुःख होतं. गुइडो व्हान रॉस्समने १९९१ साली जगापुढे ठेवलेल्या आपल्या प्रोग्रॅमिंगच्या भाषेला या मंडळींचं नाव दिलं, आणि नको असलेल्या ईमेलला स्पॅम हे नाव त्यांच्याच त्या डबाबंद मांसाचं गाणं गाणाऱ्या व्हायकिंगांच्या स्केचवरून पडलं. हिंजवडीतल्या कितीतरी तरुणांच्या तोंडात हे दोन्ही शब्द दिवसभर असतात.

पायथनमध्ये खरे दोष आहेत. बायकांच्या चांगल्या भूमिका करायच्या त्या बायकी वेष घालून पुरुषांनी, आणि कॅरल क्लीव्हलंडसारख्या चांगल्या नटीच्या वाट्याला बहुतेक वेळा नुसतं सुंदर दिसणं, हे अन्यायाचंच होतं. क्लीझ नसलेल्या चौथ्या मालिकेचे सहा भाग उतरलेले आहेत. पण हे दोष टीकाकार दाखवत नाहीत, कारण ते दाखवायला पंचेचाळीस भाग पाहावे लागतात.

माझं म्हणणं साधं आहे. पायथनचं आकर्षण वेडेपणात नाही, तो वेडेपणा ज्या शिस्तीने चालवला आहे त्यात आहे. अधिकाराचा आवाज, गणवेश, काउंटर, अर्ज, निवेदन यांच्या आत काहीही भरलं तरी माणसं ते मुकाट्याने ऐकून घेतात, हे त्यांच्याइतक्या स्वच्छपणे दुसऱ्या कुणी दाखवलेलं नाही. ज्यांना हे पटत नाही त्यांनी मोबाइलवर येणारे दोन मिनिटांचे तुकडे बाजूला ठेवावेत, दुसऱ्या मालिकेतला धर्मन्यायालयाचा अर्ध्या तासाचा भाग पहिल्या फ्रेमपासून शेवटच्या नावापर्यंत सलग पाहावा, आणि मग त्यातली कोणती दोन मिनिटं काढली असती तर चाललं असतं ते सांगावं.